आबा आले होते

“तुना बाप काय खाये रे भाऊ?”

पितृपक्षात कुणी जेवायचं सांगायला आलं की आबा पहिल्यांदा हेच विचारायचे. लिंबायतमधली आमची गल्ली बहुतेक खानदेशातून कापडाच्या लूमवर कामाला आलेल्यांची. वडिलांच्या तिथीला एका वडीलधाऱ्या माणसाला पितर म्हणून पानावर बसवायचं, तो जेवल्याशिवाय घरात कुणी घास घ्यायचा नाही, ही रीत गावाहून सोबत आलेली. त्या पानावर कितीतरी वर्षं आबा बसले. लूमवर काम करून कानांनी थोडे कमी, बायको गेलेली, मूलबाळ नाही.

ते नुसते जेवत नसत. शेजारच्या शिंप्याचा बाप जेवताना कुरकुर करायचा, म्हणून आबा पहिल्याच घासाला म्हणत, “कढीमा मीठच नही.” शिंप्याची बायको पदराआड हसायची. “उना मना सासरा परत.”

माझे वडील शेवटचा वडा आईसाठी ठेवत. मी हे आबांना एकदाच सांगितलं होतं. दर वर्षी ते एक वडा पानाच्या कडेला सरकवून उठत. आई तो स्वयंपाकघरात, आमच्याकडे पाठ करून खायची.

पुढे मी पलसाण्याला एका डाइंग मिलच्या ऑफिसात लागलो. त्या वर्षी आबांना सांगून झालं होतं, आणि तिथीच्या सकाळी आमचे मॅनेजर सहज घरी आले. मी त्यांनाच पानावर बसवलं. त्यांच्यादेखत एका लूमवाल्याला वडील म्हणून वाकून नमस्कार करायची मला लाज वाटली. दुसरं काही कारण नव्हतं.

आबा वेळेवर आले. मी त्यांना जिन्यातच गाठलं. “आबा, पान झालं. तुम्ही उशीर केला.”

ते तसेच जिना उतरले. साहेबांनी पान चाटूनपुसून संपवलं. आईने रिकाम्या पानाकडे पाहिलं आणि विचारलं, “आबा का नाही आले?”

“आलेच नाहीत,” मी म्हणालो.

कबूल करून पितर आला नाही, ही गोष्ट गल्लीत लहान नव्हती. किराण्याच्या दुकानात शिंप्याने माझ्यासमोरच त्यांना विचारलं, “आबा, भाऊना घर काब्र नही गयात?”

आबांनी माझ्याकडे पाहिलं. मी तेलाच्या पिशव्या बघत राहिलो.

“वय व्हयनं,” ते म्हणाले. “इसरी गऊ.”

विसरणाऱ्या माणसाला त्या पानावर कोण बसवणार? गल्लीने दुसरा माणूस शोधला. आम्हीही.

आबा विसरले नव्हते. हे आईला कळायला हवं होतं, ती गेली. शिंपीही गेला. परवा त्याच्या मुलाला सगळं सांगितलं, तर तो म्हणाला, “कया आबा, काका?” कोणते आबा, हेच त्याला ठाऊक नव्हतं.

साहेब जेवून गेले त्याच्या पुढच्या वर्षी, वडिलांच्या तिथीला, मी गॅलरीतून खाली पाहिलं होतं. आबा अंघोळ करून, इस्त्रीचा सदरा घालून आपल्या ओट्यावर बसले होते. आमच्या घरातून वडे तळल्याचा वास खालपर्यंत जात असणार. दुपार कलल्यावर ते उठून आत गेले. थोड्या वेळाने त्यांच्या खोलीतून स्टोव्हला पंप मारल्याचा आवाज आला.