कोरडं कातडं

माझी मोटार इतकी जुनी होती की तिला ब्रेक फक्त मागच्या दोन चाकांना होते. पुढची चाकं नुसती वळायला. आज हे कोणाला सांगितलं तर हसतात, पण तेव्हा हिंगोलीत मोटारी बोटांवर मोजण्याइतक्या होत्या, आणि त्यातली सगळ्यात कुरकुरणारी माझी असली तरी मला तिचा भारी गर्व होता. स्टेशनवर उतरलेल्या माणसांना मी औंढा, जवळा बाजारपर्यंत नेऊन सोडायचो. वय पंचविशीतलं, डोकं गरम, आणि मोटारीतलं काय ते आपल्यालाच कळतं अशी पक्की समजूत.

ही हकिगत अठ्ठेचाळीस सालच्या हिवाळ्यातली आहे. पोलिस अॅक्शन होऊन दोन-अडीच महिने झाले होते. निजामाचं राज्य गेलं होतं आणि लोक मोकळा श्वास घेत होते, पण सगळेच नाही. वर्षभर ज्यांनी रझाकारांची धास्ती खाल्ली होती ते आता ताठ चालत होते, आणि ज्यांचा कशाशी संबंध नव्हता अशीही काही माणसं मान खाली घालून रस्त्याच्या कडेने जात होती. बाजारात दोन माणसं हळू बोलताना दिसली की तिसरा थांबून ऐकायचा. मी मात्र माझ्या ब्रेकच्या काळजीत होतो.

मागच्या चाकाच्या आत एक लोखंडी ड्रम असतो, खोलगट ताटासारखा. त्याच्या पोटात अर्धगोल आकाराचे दोन शू बसवलेले असतात. पायाने ब्रेक दाबला की शू फाकतात आणि ड्रमला आतून घासतात. लोखंडावर लोखंड घासून चालत नाही, म्हणून शूवर एक पट्टी रिबिटांनी ठोकतात. ती पट्टी झिजते. माझी झिजून रिबिटांची डोकी वर आली होती आणि प्रत्येक थांब्याला ड्रम असा करकरायचा की उतारू दात-ओठ आवळून घ्यायचे.

खरी पट्टी महायुद्धापासूनच मिळत नव्हती. हैद्राबादहून मागवली तर महिनाभर उत्तर नाही. तेव्हा जे मिळेल त्यातून निवडायचं. आधी मी कापसाच्या जिनिंगमधला मशीनचा जुना पट्टा कापून बसवला. जाड कॅनव्हासचा, दिसायला झकास. दोन दिवस बरा चालला, तिसऱ्या दिवशी औंढ्याच्या अलीकडच्या उतारावर चाकातून धूर निघाला आणि रबर जळल्याचा वास गाडीभर पसरला. काढून पाहिला तर वरून काचेसारखा गुळगुळीत झालेला. मग मला कातड्याची आठवण झाली. म्हशीच्या पाठीचं जाड कातडं लोखंडाला चांगलं धरतं, हे मी एका जुन्या ड्रायव्हरकडून ऐकलं होतं. आणि कातड्यासाठी हिंगोलीत जायचं तर खोगीरवाल्या चाचाकडे.

चाचा सत्तरीच्या घरातला मुसलमान कारागीर. इंग्रजांची छावणी गावात होती तेव्हा त्याच्या बापाने रिसाल्याच्या घोड्यांची खोगिरं शिवली होती. रिसाला गेला, घोडे गेले, चाचा मागे राहिला आणि टांग्यांचे साज, विहिरींच्या मोटा, बैलांच्या गळ्यातल्या सापत्या करू लागला. बायको वारलेली, मुलगी हैद्राबादला दिलेली. तिकडून जावयाचे निरोपावर निरोप येत होते की इथे एकटे राहू नका, निघून या. त्याच्या दाराशी एक मोठं बोचकं बांधून ठेवलेलं मी त्या दिवशी पाहिलं. निघालात की काय, असं मी विचारलं. चाचाने सांगितलं की चार मोटा शिवायच्या राहिल्यात, त्या दिल्याशिवाय कसा जाऊ, आणि मग बघू.

मी त्याला शू दाखवला, माप दिलं, आणि पट्टी तडकता कामा नये एवढं बजावलं. बस. पट्टी कशासाठी, ती ड्रमला कशी घासते, हे सांगायचा मला कंटाळा आला. खोगीरवाल्याला मोटारीतलं काय कळणार, असंही मनात होतं. हे लिहिताना मला आजही माझा राग येतो.

दोन दिवसांनी गेलो तर पट्ट्या तयार. चार तुकडे, बाभळीच्या सालीत कमावलेलं कातडं, पाण्यात भिजवून शूवर दोरीने आवळून वाळवलेलं, त्यामुळे नेमका तोच बाक आलेला. हातात घेतल्या तर मऊ, जड आणि तुकतुकीत. करंजीच्या तेलाचा कडवट वास येत होता. चाचा म्हणाला की तीनदा तेल पाजलंय, शेवटचा हात तळव्याने दिलाय, पाच वर्षं बघायला नको. मोटेचं कातडं असो की घोड्याच्या पोटाखालचा तंग, तेल न पाजता त्याच्या घरातून काही बाहेर पडत नसे. बापाने तसं शिकवलं होतं.

ते तेल मला दिसलं होतं. हे मी आधीच सांगून टाकतो. ब्रेकला तेल लागू देऊ नये हे ड्रायव्हरला पहिल्या दिवशी शिकवतात. आसाचं वंगण थेंबभर ड्रममध्ये गळलं तर मी स्वतः आकाशपाताळ एक करायचो. पण त्या दिवशी दुपारी जवळा बाजारचे एक शेठ, कापसाचे आडते, स्टेशनवर उतरणार होते आणि मी त्यांना शब्द दिला होता. घरी येऊन बायकोच्या हातातलं फडकं घेतलं, पट्ट्या खसाखसा पुसल्या आणि ठोकायला बसलो. ठोकल्या मात्र नीट. मधलं रिबिट आधी, मग एकेक करत दोन्ही टोकांकडे, म्हणजे पट्टी शूला घट्ट बसते, मध्ये फुगत नाही. रिबिटांची डोकी कातड्यात बुडवली. ड्रम रॉकेलने धुऊन कोरडे केले. घराच्या बोळात चार वेळा गाडी पळवून पाहिली, चारही वेळा जिथल्या तिथे उभी राहिली. मी खूश.

औंढ्याच्या उतारापर्यंत सगळं ठीक होतं. उतार लांब, ब्रेक सतत दाबून ठेवावा लागतो. ड्रम तापला, कातडं तापलं, आणि आत मुरलेलं तेल वर आलं. ब्रेक दाबला तर पाय खाली जातोय आणि गाडी पळतेच आहे. हाताचा ब्रेक ओढला, पण तोही त्याच शूंना जोडलेला. खालचा गिअर टाकायला गेलो तर दातांचा खडखडाट झाला आणि तो बसेचना. समोर वळणावर कापसाच्या तीन गाड्या चढ चढत होत्या. मी चाक वळवून मोटार तुरीच्या रानात घातली. धुऱ्याच्या बांधाला धडकून ती थांबली. गाडीवान आणि बैल वाचले. मला खरचटलं, आणि शेजारी बसलेल्या शेठजींचा उजवा हात मोडला.

मागच्या चाकातून करंजीच्या तेलाचा धूर निघत होता. शेठजी बांधावर बसले, डाव्या हाताने उजवा हात धरून, आणि त्यांनी विचारलं की हा कसला वास, आणि पट्टी कोणी दिली. मी म्हणालो, खोगीरवाल्या चाचाने.

एवढंच म्हणालो. पुढचं वाक्य माझ्या तोंडात होतं, ते मी गिळलं.

शेठजी माणूस वाईट नव्हते. त्याच वर्षी त्यांची कापसाची वखार जाळली गेली होती आणि त्या आगीत त्यांचा जुना राखणदार गेला होता. तेव्हापासून त्यांना सगळीकडे आगच दिसायची. त्यांनी दोन आणि दोन चार केले. मुसलमानाने दिलेली पट्टी, ब्रेकला तेल, आणि गाडीत ते स्वतः. दुसऱ्या दिवशी गावात हेच चाललं होतं की म्हाताऱ्याने मुद्दाम तेल पाजून दिलं. त्या दिवसांत एखाद्याला धरून न्यायला असं एक वाक्य पुरायचं. मी घरात बसून होतो. गुडघ्याला लागलंय म्हणून विचारायला येणाऱ्यांना मी गुडघा दाखवायचो. मोटार चालवता येत नाही असं लोक म्हणतील, याची मला भीती वाटत होती. मोठी कारणं शोधून उपयोग नाही, कारण तेवढंच होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी बायको ते फडकं हातात घेऊन समोर उभी राहिली. दोनदा धुतलं होतं तिने.

"चाचाला चावडीवर नेलंय म्हणतात," ती म्हणाली. "आन् ह्याचा वास अजून गेला न्हाई."

ती फडकं खाटेवर ठेवून आत गेली. मी चपला घातल्या.

चावडीवर जमादार खुर्चीत, हात गळ्यात बांधलेले शेठजी बाकावर आणि चाचा जमिनीवर. बाहेर वीस-पंचवीस माणसं. म्हाताऱ्याने आधीच जबाब दिला होता. तेल तू लावलंस का, असं विचारल्यावर त्याने मान वर करून सांगितलं होतं की होय, मीच लावलं, आमच्या घरातून कोरडं कातडं बाहेर जात नाही. त्याच्या लेखी ही कामाची ग्वाही होती. जमादाराने तो गुन्ह्याचा कबुलीजबाब म्हणून लिहून घेतला होता. आता त्याला परभणीला कोर्टात पाठवायचं घाटत होतं.

मी आत शिरलो. पहिलं वाक्य कोणाला ऐकूच गेलं नाही, जमादाराने पुन्हा बोल म्हटलं.

"तेल मला दिसलं होतं," मी म्हणालो. "फडक्यानं पुसलं आन् तसंच ठोकलं. ब्रेकला तेल चालत न्हाई हे चाचाला ठाऊक न्हवतं. मला ठाऊक होतं. मी त्यास्नी इचारलंबी न्हाई, सांगितलंबी न्हाई."

जमादाराने माझं लायसन मागून घेतलं आणि खणात टाकलं. चाचाला जा म्हणाला. शेठजी बाकावरून माझ्याकडे वळले. त्यांच्या चेहऱ्यावरचा राग मी झेलला असता, पण ते शांतपणे बोलले.

"दोन दिस काहून गप होतास?"

पुढे आयुष्यात अनेक माणसांनी मला अनेक गोष्टी विचारल्या, पण हा प्रश्न मी अजून उरावर घेऊन आहे.

चाचा माझ्याकडे न बघता निघून गेला. आठ दिवसांनी लायसन परत मिळालं तेव्हा ब्रेक सोडून मोटार दुरुस्त झाली होती, पण तिच्यात बसायला कोणी तयार नव्हतं. मी चाचाकडे गेलो. दाराशी आता एकाची दोन बोचकी झाली होती. मोटा देऊन झाल्या होत्या. मी उंबऱ्यावर बसलो आणि माफी मागितली, ती फार वाईट मागितली, शब्द मागेपुढे झाले. चाचाने हात पुढे केला आणि शू मागितले.

या वेळी मी सगळं सांगितलं. ड्रम म्हणजे काय, घासायचं का, तापतं किती. त्याने कातडं काढलं, रापीने तासलं, भिजवून शूवर आवळलं. दोन दिवसांनी ते वाळलं तेव्हा त्याची बोटं सवयीने तेलाच्या वाटीकडे गेली. त्याने वाटी उचलून आतल्या खोलीत नेऊन ठेवली आणि परत येऊन बसला. कोरडी पट्टी माझ्या हातात देताना त्याने तोंड भिंतीकडे केलं होतं.

पट्ट्या ठोकून झाल्या तशी मी गाडी घेऊन निघालो, तर चाचा टोपी घालून रस्त्यात उभा. पुढचं दार उघडून माझ्या शेजारी बसला. बाजारातून, चावडीवरून, सगळ्यांच्या देखत आम्ही औंढ्याच्या रस्त्याला लागलो. उतारावर त्याने दोन्ही हात मांडीवर ठेवले होते, कशाला धरलं नव्हतं. मी ब्रेक दाबला. गाडी धुऱ्याच्या बरीच अलीकडे, रस्त्याच्या मधोमध उभी राहिली. चाचा उतरला, मागच्या ड्रमला बोट लावून चटकन काढून घेतलं आणि वास घेतला.

"बराबर धरतंय," तो म्हणाला. "पर कोरडं हाय. लवकर मरंल. तीन म्हैन्याला नवं लागंल."

तीन महिन्यांनी मी कोणाकडे जाऊ, असं मी विचारलं. विचारताना त्याच्याकडे बघायचा धीर झाला नाही.

त्याने तुरीच्या रानाकडे पाहिलं. धुऱ्यावर माझ्या मोटारीने पाडलेली खोक तशीच होती.

"चल घरी," तो म्हणाला. "बोचकी सोडायला हात लाव. माझ्यानं एकट्यानं व्हायची न्हाईत."

आम्ही घरी येऊन बसलो. दोन्ही बोचक्यांच्या गाठी त्याने खोगिराचा तंग आवळावा तशा मारल्या होत्या. माझी नखं दुखली, एक तुटलं, पण गाठ हलेना. शेवटी त्याने हसून कातडं टोचायची आरी काढून गाठ उकलायला माझ्या हातात दिली.