शुक्रवारच्या नखुल्या

रिफायनरी बंद ठेवून करायच्या दुरुस्तीच्या, म्हणजे शटडाऊनच्या, कामासाठी सौदीतल्या यान्बूच्या आमच्या कॅम्पात दक्षिण इटलीतला एक वेल्डर आला होता. नाव कधी विचारलं नाही. शुक्रवारी, सुट्टीच्या दिवशी, तो मेसमधलं स्टीलचं टेबल धुऊन त्यावर रव्याची कणीक मळायचा. बारीकसा तुकडा सुरीनं ओढून अंगठ्यावर उलटवला, की इवलासा कान तयार. त्याच्या गावचा पास्ता म्हणे. तोंडानं शिट्टी चालूच.

मी फिटर माणूस, फुकटच्या गप्पांत पडत नाही. पण राहवेना. "या तर आमच्या नखुल्या!" म्हणालो, आणि लग्नघरात खिरीसाठी आई नि मावश्या करतात तशा नखानं चिमटून चार करून दाखवल्या. त्यानं एक उजेडात धरून निरखली. "तुझा अंगठा आईकडून आलाय," म्हणाला, आणि माझ्या चारही आपल्या ढिगात मिसळून टाकल्या.

मी लगेच साताऱ्याला आईला व्हिडिओ कॉल लावला. टेबलावरचा ढीग बघून ती ओरडलीच, "अगं बाई! कुणाचं लग्न काढलंस रे तिकडं?"

मी त्याला इंग्रजीत सांगितलं. तसा तो पिठाचे हात जोडून फोनपुढे वाकला.

"तुझ्या आईला सांग, आमच्या घरी दर रविवारी लग्न असतं."