सरकारविरुद्ध भागरथा

काल भागरथावहिनी गेली. आमच्या घरात सरकारला कोर्टात हरवणारी ती एकटीच, आणि जीपच्या आवाजाला जन्मभर भ्यायली तीही एकटीच.

ऐंशीची बाई आहे मी, नातीच्या मोबाईलवर एका बोटानं टाइप करते आहे. चुकलं तर सांभाळून घ्या.

मी लहान असताना आमचा चांदा जिल्हा, आताचा चंद्रपूर-गडचिरोली, मध्य प्रदेशात होता. मालगुजारी, म्हणजे जमीनदाराची गावावरची मालकी, गेली आणि चामोर्शीकडच्या आमच्या गावचा तलाव सरकारचा झाला. त्यातली मासोळी ठेकेदाराची.

माझ्या दादानं चार घरं गोळा करून तलावात जाळं टाकलं.

तिसऱ्या दिवशी जीप आली.

ना खटला, ना तारीख. शांततेला धोका म्हणून दादा आत. का धरलं ते लिहिलेला इंग्रजी कागद त्याला जेलमध्ये दिला. दादाला मराठीही वाचता येत नव्हतं. अंगठा दिला आणि कागद घडी करून ठेवला.

वहिनी एकोणीस वर्षांची. चांद्याचे एक वकील म्हणाले, नागपूरच्या हायकोर्टात अर्ज करू. माणूस का धरला, याचा जाब कोर्ट सरकारला विचारू शकतं. नव्या घटनेत तसं आहे.

"अर्ज कोनाच्या नावानं?" वहिनीनं विचारलं.

"तुमच्या."

"सरकारच्या विरुद्ध?"

"हो."

"मंग मले बी नेतीन."

वकील हसले. वहिनी नाही हसली. तिच्या अंगठ्याचा ठसा दोनदा फिसकटला. तिसऱ्यांदा माझ्या आईनं मनगट धरलं.

नागपूरला मलाही नेलं, कारण मी वहिनीचा पदर सोडत नव्हते. नऊ वर्षांची होते.

एवढी मोठी इमारत आम्ही कधी पाहिली नव्हती. आत दोन जज. साक्षीदार नाही, पिंजरा नाही, सगळं कागदावर.

शिपायानं वहिनीचं नाव पुकारलं. वहिनी ताडकन उभी राहिली आणि म्हणाली, "ओ."

सगळं कोर्ट वळून बघायला लागलं. मला वाटलं, झालं, आता हिलाही नेतात.

वकील मागे वळून हळूच म्हणाले, "बसा बाई. तुम्हाला काही विचारत नाहीत."

बसली. पण माझा हात तिनं इतका आवळला की बोटं पांढरी पडली.

आत काय बोलले ते वकिलांनी नंतर सांगितलं. जजनी तो इंग्रजी कागद दाखवून सरकारी वकिलांना विचारलं, हा त्याला त्याच्या भाषेत कोणी समजावला का? सरकारी वकिलांनी फायली चाळल्या. समजावल्याची नोंद निघाली नाही. माणसाला कळेल असं सांगितलं नाही म्हणजे सांगितलंच नाही, असा निकाल झाला.

दादा सुटला. वहिनी नाही सुटली.

जीप वाजली की ती दादाला मागच्या दारानं तलावाकडे पिटाळायची. मग जीप लसवाल्यांची असली तरी. आम्ही तिला चिडवायचो. नको होतं चिडवायला.

दहा वर्षांपूर्वी माझी नात वकील झाली. निकालांच्या जुन्या पुस्तकात तिला वहिनीचं नाव सापडलं, तशी धावत आली.

"मोठी आजी, तुझ्या केसच्या आधारानं अजून लोक सुटतात. कोर्टात अजून तुझं नाव घेतात."

वहिनीचा घास हातातच राहिला.

"म्हंजे खटला चालूच हाये?"

"नाही गं. तो निकाल तेव्हाच लागला. पण हायकोर्टानं एकदा घटनेचा अर्थ सांगितला की पुढच्या माणसालाही तो कामी येतो. नंतरच्या जजनाही तो बघावा लागतो."

"मंग संपला कुठी?"

नातीनं तिच्या ताटात भाजी वाढली.

त्या दिवसापासून वहिनीनं मागच्या दाराला कडी लावली नाही. दादा तेव्हा ऐंशीच्या पुढचा, काठी घेऊन चालणारा.

दादा गेला तेव्हा ती खूप रडली. मग डोळे पुसून म्हणाली, "आता नाई नेत कोनी त्याले."

परवा दवाखान्यात भरती करताना फॉर्मवर अंगठा मागितला. तिनं मूठ घट्ट वळली.

"कोनाच्या विरुद्ध हाये?"

"कोनाच्याच नाई, वयनी."

मग दिला.

वहिनी, कुठल्यातरी जेलात, न कळणारा कागद हातात घेतलेल्या माणसासाठी तुझं नाव कोर्टात पुन्हा पुकारतील.

तू उठू नको. बस.

तुला काही विचारत नाहीत.