पुलावरच्या वीबेची बायको

पडदे ओढून बसणाऱ्या माणसांबद्दल आलीदा रोडनबुर्खचं मत फार वाईट होतं. तिच्या आईचंही तसंच होतं. ज्याचं घर आवरलेलं नाही, ज्याच्या टेबलावर भर दुपारी बाटली असते, किंवा ज्याच्याकडे नको ते माणूस येतं, तोच पडदा ओढतो, असं आई म्हणायची आणि पडदा ओढलेल्या घरासमोरून जाताना मुद्दाम हळू चालायची. आलीदाच्या खिडकीलाही पडदे होते, धुऊन इस्त्री केलेले, पण ते कायम दोन बाजूंना बांधलेले असत. तिचा नवरा वीबे गेला त्या दिवशीही ते सुटले नाहीत. रडायचं ते स्वयंपाकघरात.

वीबे हार्लेम या डच शहरातल्या नदीवरच्या एका पुलाचा राखणदार होता. बोट आली की घंटा वाजवायची, फाटक पाडायचं, पूल उचलायचा. मग गळाच्या काठीला बांधलेला लाकडी बूट बोटवाल्यासमोर सोडायचा, त्यात पैसे पडले की काठी वर घ्यायची आणि पूल खाली. एवढंच त्याने आयुष्यभर केलं, आणि नीट केलं. समुद्राशी त्याचा संबंध एकदाच आला. टेक्सेल बेटाच्या फेरीबोटीत, किनारा दिसत असताना त्याला उलटी झाली. तीही आलीदाच्या नव्या टोपीत.

आलीदा स्वतः पोहण्याच्या तलावावर तिकिटाच्या खिडकीत बसायची. माणसांची पारख तिला तिथे झाली. पाच वर्षांच्या मुलाला तीनचं सांगून फुकट आत नेणारे बाप तिने कितीतरी पाहिले. ती बापाशी बोलायचीच नाही. काचेला नाक लावून मुलाला विचारायची, "हो का रे, तीन वर्षांचा का तू? मग शाळेत बाई कोण आहेत तुला?" मूल आनंदाने बाईंचं नाव सांगायचं आणि बाप पाकीट काढायचा.

वीबे गेल्यावर तिला जुन्या होफ्येत घर मिळालं. मधे बाग, बागेत हातपंप आणि भोवती एकेका खोलीची घरं. कधीकाळी एका बिअरवाल्याने आपली पापं धुऊन निघावीत म्हणून एकट्या बायकांसाठी ती बांधली. बिअरवाल्याचं पुढे काय झालं ते देव जाणे. घरं टिकली, आणि त्यांत बायका अजून एकट्याच राहतात. फक्त आता दुपारी तिथे प्रवासी येतात.

प्रवाशांबद्दल आलीदाचं मत पडदेवाल्यांपेक्षाही वाईट होतं. ही माणसं स्वतःच्या गावात शेजाऱ्याचं नाव विचारत नाहीत, आणि इथे येऊन पंपाची जन्मतारीख विचारतात. एका तासात अख्खं शहर बघतात, म्हणजे शहराकडे पाठ करून स्वतःचे फोटो काढतात. त्यांच्या पुढे येल्मर नावाचा वाटाड्या असे, डोक्यावर पिसाची टोपी आणि हातात पिवळी छत्री. येल्मर पूर्वी नाटकात होता. दुसऱ्या अंकात मरायचा. तिसऱ्या अंकासाठी त्याला कोणी कधी घेतलं नाही. तेव्हापासून तो रस्त्यात नाटक करत होता.

त्याचा आवाज मात्र नाटकातलाच राहिला होता. बिअरवाल्याचं नाव, विटा कुठून आल्या, छपराची कौलं कधी बदलली, हे सगळं तो असं ओरडायचा की आलीदाची जेवणानंतरची झोप मोडायची. शेवटी ती सगळ्या बायकांना घेऊन विश्वस्तांपुढे उभी राहिली. विश्वस्तांनी नियम केला: होफ्येत आवाज नको. तेव्हापासून येल्मर गळ्यातल्या चिमुकल्या माइकवर कुजबुजतो आणि प्रवासी कानातल्या यंत्रातून ऐकतात. बाहेर चिमणीचासुद्धा आवाज नाही.

आलीदा महिनाभर विजयाच्या तोऱ्यात होती. मग तिच्या लक्षात आलं की काहीतरी बदललंय. पूर्वी लोक पंपापाशी थांबायचे, आता तिच्या खिडकीपाशी थांबू लागले. काचेपलीकडे येल्मरचे ओठ हलायचे आणि समोरचे चेहरे विरघळायचे. कोणी मान कलती करायचं, कोणी छातीवर हात ठेवायचं. एका धिप्पाड गृहस्थाने तिला लांबूनच चुंबन पाठवलं. आणि एके दिवशी खिडकीच्या कठड्यावर तिला शिंपला सापडला. मग दुसरा. आठवडाभरात सूपची वाटी भरेल इतके.

शेजारची बेप कचऱ्याची बादली घेऊन चालली होती. आलीदाने तिला हाक मारली.

"बेप, हे काय आहे?"

"शिंपला."

"ते दिसतंय मला. पण माझ्या खिडकीत का?"

"माझ्या खिडकीत कोणी ठेवत नाही बाई. ठेवला असता तर मी मुकाट्याने घेतला असता."

"लोक मला बघून रडतात गं."

"मलाही येतं कधी कधी रडू. तुझं वाटाण्याचं सूप खाल्लं की."

"चेष्टा पुरे. हा मेला माझ्याबद्दल काहीतरी सांगतोय त्यांना. माझी कीव करतात ती माणसं! माझी!"

"मग विचार त्याला."

"विचारलं तर तो खरं सांगेल? तोंड बघितलंस का त्याचं? तीन वर्षांच्या मुलाच्या बापाचं तोंड आहे ते."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. शांतता तिनेच मागून घेतली होती, आणि त्या शांततेत तिच्याच नावाने काय शिजतंय ते आता तिलाच ऐकू येत नव्हतं. कोणी तिला तोंडावर चेटकीण म्हटलं असतं तरी चाललं असतं, तिने उत्तर दिलं असतं. पण स्वतःच्या खुर्चीत बसून दयेचा विषय व्हायचं, आणि कारणही कळू नये, हे तिला सोसेना. पडदा ओढला असता तर प्रश्न मिटला असता. पण मग लोक म्हणाले असते की काहीतरी लपवण्यासारखं आहे.

शनिवारी तिने चर्चला जायचा कोट घातला, टोपी घातली आणि बाजारचौकात जाऊन येल्मरच्या डच भाषेतल्या शहर-फेरीचं तिकीट काढलं. काखेत कळसा आणि गावाला वळसा! स्वतःच्या खिडकीपर्यंत पोहोचायला ती अख्ख्या हार्लेमला वळसा घालून निघाली होती.

येल्मर आपल्याला ओळखणार याची तिला खात्री होती. इतके दिवस तो रोज तिच्या तोंडाकडे बोट दाखवत होता. त्याने तिच्या कोटाला गोल चिकटपट्टी लावली, हातात यंत्र दिलं आणि गोड हसला.

"कुठून आलात, बाई?"

"जवळूनच."

"वा! मग हार्लेमची थोडीफार माहिती असेल?"

"थोडीफार."

टिलबुर्खहून आलेली पाच-सहा माणसं होती. त्यातली एक ठेंगणी बाई दर दोन मिनिटांनी "किती गोड!" म्हणत होती. चर्च गोड, मासळीबाजार गोड, जुन्या तुरुंगाची भिंतसुद्धा गोड. आलीदा मागे राहून चालत होती. फेरी वीबेच्या पुलावर आली तेव्हा तिचे पाय आपोआप मंदावले. राखणदाराची लाकडी खोली बंद होती. हल्ली पूल कुठल्याशा कचेरीतून बटण दाबून उचलतात. येल्मर आता तरी काही बोलेल म्हणून तिने कानातलं यंत्र घट्ट दाबलं.

"इथून फोटो छान येतो," येल्मर म्हणाला आणि पुढे गेला.

मग होफ्ये आलं. दारातून आत शिरताच त्याने ओठांवर बोट ठेवलं, सगळे चवड्यांवर चालू लागले आणि आलीदाच्या कानात त्याचा मखमली आवाज उतरला.

"समोरची खिडकी बघा. इथे एक म्हातारी राहते. लग्नाला महिना झाला आणि तिचा नवरा, जहाजाचा तरुण कप्तान, समुद्रावर गेला. तो परत आला नाही. ती मात्र अजून वाट बघते. म्हणून तिच्या खिडकीचे पडदे कधीच ओढलेले नसतात. तो आला, तर त्याला दिवा दिसला पाहिजे ना..."

टिलबुर्खच्या बाईने हातपिशवीतून शिंपला काढून तयार ठेवला. लोक ही गोष्ट आधीच ऐकून शिंपले बरोबर घेऊन येतात तर! आलीदाचे कान तापले. ज्याला बोटीत उलटी झाली तो कप्तान. आणि तिचे पडदे, आईचे पडदे, हे असे चोरून नेऊन याने समुद्रात बुडवले.

एवढ्यात येल्मरने खिडकीकडे पाहिलं. खुर्ची रिकामी होती. त्याचा आवाज थांबला. लोकांच्या माना तिकडे वळल्या. रिकामी खुर्ची दाखवायला कोणी तिकीट काढत नाही. पण दुसऱ्या अंकात मरायची सवय असलेला माणूस तो. त्याने टोपी काढून छातीशी धरली.

"मला सांगवत नाहीये," कानात कुजबुज आली. "पण ती गेली. दोनच आठवडे झाले. याच खुर्चीत. नजर शेवटपर्यंत पाण्याकडे."

त्या खिडकीतून पाणी दिसतच नाही. दिसतो पंप आणि बेपची कचऱ्याची बादली.

"आपण एक मिनिट स्तब्ध उभं राहूया," येल्मर म्हणाला.

सगळे खाली माना घालून उभे राहिले. एका गृहस्थाने टोपी काढली. टिलबुर्खची बाई हुंदके देऊ लागली आणि आधारासाठी तिने आलीदाचाच हात धरला. स्वतः मेल्याशिवाय स्वर्ग दिसत नाही म्हणतात. आलीदाला मेल्यावर दिसलं ते असं.

दार उघडून बेप बाहेर आली, बादलीसकट.

"आलीदा! तू तिथे काय करतेयस? किल्ली विसरलीस की काय?"

"नाही गं," आलीदा मोठ्याने म्हणाली. होफ्येचा नियम तिने पहिल्यांदाच मोडला. "मेले मी. दोन आठवडे झाले म्हणे."

"अगोबाई! आणि मला कोणी बोलावलं पण नाही?"

येल्मरच्या तोंडाचा रंग उडाला. तो खिडकीकडे बघत होता, मग तिच्याकडे, पुन्हा खिडकीकडे. आलीदाने कानातलं यंत्र काढून त्याच्या टोपीत टाकलं.

"माझा नवरा पुलावर होता," ती सगळ्यांना म्हणाली. "आत्ता ज्याच्यावर फोटो काढलेत ना, त्या पुलावर. रोज संध्याकाळी जेवायला घरी यायचा. आणि पडदे उघडे आहेत कारण माझं घर स्वच्छ आहे. या, बघा हवं तर."

कोणाला यावंसं वाटलं नाही. टिलबुर्खच्या बाईने तिचा हात सोडला होता. ती येल्मरवर नाही, आलीदावर रागावली होती.

"इतकं छान होतं हो सगळं," ती म्हणाली. "आता या शिंपल्याचं मी काय करू?"

"घरी न्या. साबण ठेवा त्यात."

सोमवारी दुपारी येल्मर पेट्रोलपंपावर मिळतात तसली स्वस्तातली फुलं घेऊन दारात उभा राहिला. आलीदाने त्याला आत घेतलं, कॉफी दिली, डबा उघडून एक बिस्किट दिलं आणि झाकण लावलं.

"बाई, मला माफ करा. लोकांना विटा ऐकायच्या नसतात हो. त्यांना काहीतरी हवं असतं."

"बसा," ती म्हणाली. "नाही, तिथे नाही. त्या खिडकीतल्या खुर्चीत. उजेड चांगला आहे."

तो बसला. थोड्याच वेळात फाटक उघडलं आणि निळ्या छत्रीमागून दुसऱ्या कंपनीची मंडळी आत आली, सगळ्यांच्या कानात यंत्रं. निळ्या छत्रीवालीने खिडकीत येल्मर बसलेला पाहिला, क्षणभर थबकली, मग तिचे ओठ हलू लागले. मंडळींनी माना कलत्या केल्या. एका म्हातारीने रुमाल डोळ्यांना लावला.

"काय सांगतेय ती?" येल्मर खुर्चीत चुळबुळला. "माझ्याबद्दल काय सांगतेय?"

"कसं कळणार? कानात असतं ना त्यांच्या."

"हसतायत का ते? तो मागचा हसतोय बघा! बाई, जरा पडदा ओढू का?"

"आमच्यात पडदे ओढत नाहीत," आलीदा म्हणाली. "कॉफी घ्या, गार होतेय."

पुढच्या शनिवारी येल्मर आपली मंडळी घेऊन आला. आलीदा खुर्चीत ताठ बसली होती. तो खिडकीसमोर थांबला आणि बोलू लागला. हाताने त्याने पूल उचलला, पूल खाली आणला. गळाची काठी सोडली, ओढून घेतली. पुन्हा पूल उचलला. आलीदा त्याच्याकडे बघत नव्हती, लोकांकडे बघत होती. कोणी छातीवर हात ठेवला नाही. एका मुलीने फोन काढला. एका गृहस्थाने घड्याळ पाहिलं, आणि त्याच्या शेजारच्याने दाढा दिसतील अशी मोठी जांभई दिली.

आलीदाला बरं वाटलं. तिने येल्मरला काचेतूनच मान डोलावून दाद दिली, आणि विणकाम हातात घेतलं.