साळवे सरांचं न फुगलेलं विश्व

साळवे सरांशी माझी पहिली गाठ पडली ती त्यांच्या एका विचित्र अटीमुळे. सत्तरच्या दशकात नाशिक रोडच्या आमच्या कॉलनीत सर दर रविवारी सकाळी विश्वाच्या जन्मावर बोलत. यावं कुणीही, पण घरचं एक माणूस सोबत आणायचंच. "घरच्यांना कळलं नाही, तर तुम्हाला पुढे शिकू कोण देणार?" असं त्यांचं म्हणणं. मी तेव्हा बी.एस्सी.ला होते आणि एम.एस्सी.साठी पुण्याला जायचं म्हणून हटून बसले होते. माझे वडील, अण्णा, रेल्वेत फिटर. ते पुण्याचं नाव काढू देत नव्हते. त्यांना मी कसंबसं ओढून नेलं.

आरंभी सारं विश्व अतिशय दाट आणि तप्त होतं, सर सांगत होते. ते पसरत गेलं तसं निवलं, निवलं तेव्हा अणू जमले आणि पुढे तारे, दीर्घिका झाल्या. हे पसरणं दाखवायला त्यांनी परातीत कणकेचा गोळा ठेवला होता. त्यात खोचलेले बेदाणे म्हणजे दीर्घिका. कणीक फुगणार आणि बेदाणे दुरावणार, असा बेत. तास संपत आला तरी गोळा आपला ढिम्म. शेवटी मागून सरांच्या पत्नी, आमच्या काकूच म्हणाल्या, "अहो, ती पोळ्यांची कणीक आहे. संध्याकाळपर्यंत बसलात तरी फुगायची नाही." सगळ्यांत मोठ्यानं हसले ते सरच. ताठा म्हणून नाहीच या माणसाला.

पुढच्या रविवारी सरांनी बेकरीतून पावाचं पीठ आणलं. आणि गंमत म्हणजे, आता तरी फुगतंय का ते बघायला अण्णा आपणहून आले. पीठ फुगलं, बेदाणे लांब लांब गेले. अण्णांचा चेहरा मात्र उतरला. "सर, पोरगी पुण्याला गेली का ती बी अशीच लांब जाईल ना?"

कुणी हसलं नाही. सर अण्णांशेजारी सतरंजीवर येऊन बसले. "अण्णा, पीठ फुगलं, पण बेदाणा फुगला का? बघा हातात घेऊन. दीर्घिका एकमेकींपासून दूर जातात, पण त्यांच्या आतले तारे गुरुत्वाकर्षणानं बांधलेले असतात. ते सुटत नाहीत. घराचंही तसंच आहे."

त्या वर्षी मला पुण्याला पोहोचवायला अण्णाच आले. आज मी बंगळूरला हाच विषय शिकवते, ती सरांमुळे. त्यांच्यावर माझा फार जीव आहे, हे एकदा लिहून टाकते; समोर बोलले तर ते ऐकून घ्यायचे नाहीत.

एकसष्टी गाठलेल्या आमच्या सरांना काकूंच्या सोबतीनं भरपूर आणि धडधाकट वर्षं मिळोत, त्यांच्या रविवारांना कधी खंड न पडो. अण्णांना आता घराबाहेर पडवत नाही. मी हा लेख लिहितेय म्हटल्यावर ते म्हणाले, "माझं बी एक घाल त्यात. सरांना म्हणावं, पोर सुटली नाय."