आईचा गुडघा आणि खालचं खाचर

कोळवणच्या रस्त्यावर एका जीपनं आईला उडवलं तेव्हा ती डोक्यावर गवताचा भारा घेऊन घरी चालली होती. जीव वाचला, पण उजवा गुडघा गेला. पाय सरळच्या सरळ, वाकायचं नाव नाही. जीपचा विमा होता म्हणून नुकसानभरपाईचा दावा लावला. लावला म्हणजे मीच लावला. वडील आधीच गेलेले, भाऊ नाही. बावधनचं घर आणि नोकरी सांभाळून कोर्टाच्या नि सरकारी दवाखान्याच्या चकरा मारल्या त्याही मीच.

अपंगत्वाच्या दाखल्यानं तर नाकीनऊ आणले. आज डॉक्टर रजेवर, उद्या शिक्का सापडत नाही, परवा म्हणे एक्स-रे जुना झाला. अहो, एक्स-रे जुना झाला म्हणून गुडघा नवा होतो का? असं मी खिडकीतल्या माणसाला विचारलंसुद्धा. त्यानं मला आणखी दोन फेऱ्या मारायला लावल्या. शेवटी दाखला हातात पडला. वकील म्हणाले, आता कोर्टाला एकच पटवायचं, बाईंना शेतीकाम होत नाही. ते पटलं की पुरेशी भरपाई मिळणार होती आणि त्यातून आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन करायचं मी ठरवून टाकलं होतं. पाय परत वाकेल असं डॉक्टरांनीच सांगितलं होतं.

त्या वर्षांत आमच्या खोऱ्यात शहरातले लोक फार्महाऊससाठी जमिनी बघत फिरत होते. माझा काका, वडिलांचा धाकटा भाऊ, पौडला राहायला गेला होता आणि सामाईक जमीन विकायला उतावीळ झाला होता. आईचं खालचं भातखाचर त्यातच होतं. भावकीसमोर त्यानं एवढं मात्र कबूल केलं होतं, की वहिनी स्वतःच्या हातानं भात लावते तोवर विकायचा विषय काढणार नाही. अपघातानंतर लावणी शेजारणीच उरकून देत. आई नुसती बांधावर उभी असायची. काकाला हे कुणी सांगितलं नाही. मला वाटायचं, गावचं भांडण वेगळं, दावा वेगळा. आणि अपघात डोळ्यांनी पाहिलेला एकमेव साक्षीदार कोण, तर हाच काका!

साक्षीच्या दिवशी विमा कंपनीच्या वकिलानं आईला विचारलं, भातलावणी जमते का? आईनं आधी मागच्या बाकावर बसलेल्या काकाकडं पाहिलं.

"करतीय की," ती म्हणाली. "माझं खाचर दुसरं कोन लावनार?"

मी कपाळावर हात मारून घेतला. कोर्टाबाहेर आल्यावर तिला भर रस्त्यात झाप झाप झापलं. इतकी वर्षं मी काय उगाच चपला झिजवल्या? दाखला काय चुलीत घालू? तिनं सगळं ऐकून घेतलं. काका चहाच्या टपरीकडं गेल्यावर म्हणाली, "पाय ऱ्हाऊ दे तसाच. काम व्हत न्हाई म्हनले आसते, तर त्यो उद्याच खाचर मागाया आला आसता."

औषधपाण्याचा खर्च तेवढा मिळाला. ऑपरेशन राहिलं. मी तिच्याशी कितीतरी दिवस धड बोलले नाही.

पुढच्या पावसाळ्यात शेजारणींच्याही जमिनी विकल्या गेल्या होत्या. लावणीला कुणी उरलं नाही. आईचा फोन आला, रजा टाकून ये. गेले, जाते कुठं! पोटरीभर चिखलात उतरून रोपं लावायला लागले. ती बांधावर स्टुलावर बसून, माझ्या ओळी कशा वाकड्यातिकड्या जातायत ते सांगत होती. कमरेचा काटा ढिला झाला होता आणि वर हे ऐकायचं.

तेवढ्यात रस्त्याला काकाची मोटारसायकल थांबली. आईनं काठी गवतात टाकली, माझ्या खांद्याचा आधार घेतला आणि सरळ चिखलात उतरली. हातात रोपांची जुडी. काकानं लांबूनच विचारलं, झाली का लावणी?

"ही काय, करतीय की."

तो जरा वेळ बघत राहिला आणि निघून गेला. मग तिला बाहेर काढायची वेळ आली. न वाकणारा पाय चिखलात गच्च रुतलेला. मी तिच्या काखेत हात घालून ओढत होते, तिला, काकाला, कोर्टाला शिव्या देत होते आणि रडत होते.

"हळू वढ," ती म्हणाली, "रोपं तुडवशील."