टॉवेलाखाली ठरलेला सौदा

आधीच सांगून टाकतो, कारण इथले जुने वाचक मला ओळखतात. लालबागच्या उंदराने मांजराला पोलीस चौकीपर्यंत पळवत नेलं, ती गोष्ट माझीच. आमच्या चाळीत माझं बोलणं लोक बारा आणे वजा करून ऐकतात. मला राग नाही, कारण मी चौदा आणे वाढवून सांगतो. पण भूतखेत, देवचार, करणी... यातलं काही मी कधी मानलं नाही. डेकोरेशनचा धंदा आहे माझा. मंडपाचं सामान स्मशानामागच्या गोडाऊनमध्ये ठेवलंय, भाडं कमी पडतं म्हणून. इतक्या वर्षांत तिथे मला भेटला तो फक्त एक वॉचमन, आणि तोसुद्धा झोपलेला. तेव्हा खालच्या मजकुरातलं गावाबद्दलचं, माझ्याबद्दलचं हवं तेवढं वजा करा. सलाइनच्या बाटलीबद्दल मात्र काही वजा करू नका. तिथे मी वाढवलेलं नाही.

आमचं गाव खारवठणे. राजापूरच्या खाली, खाडी आत वळते त्या वळणावर. आज गेलात तर चिखल, तिवरांचं रान आणि जुन्या धक्क्याच्या दगडांवर वाळत घातलेल्या गोधड्या दिसतील. पण एके काळी हे बंदर होतं, आणि साधंसुधं नाही. शेत नांगरताना परदेशी मडक्यांचे गळे निघतात. एक प्राध्यापक येऊन पिशवीभर घेऊन गेले. म्हणाले, दारूचे रांजण आहेत, दोन हजार वर्षांपूर्वीचे, रोमचे. तेव्हापासून मी चाळीत सांगतो की रोमचा बादशहा दर शिमग्याला आमच्याकडे प्यायला यायचा. देवळाच्या पायऱ्यांचा दगडही कोकणातला नाही. मस्कत-बसऱ्याहून गलबतं यायची ती तळाला दगड भरून, वाऱ्यात कलंडू नयेत म्हणून. इथे मिरी, काथ्या, तांदूळ, सागवान चढवताना ते दगड किनाऱ्यावर टाकून जायची. खजूर उतरायचा, घोडे उतरायचे. आणि आमचे पूर्वज त्या बंदरावरचे दलाल. पुढे खाडी गाळाने भरली, गलबतं थांबली, आणि दलालांची नातवंडं मुंबईला येऊन गिरणीत लागली.

त्यातलेच माझे वडील, अण्णा. अर्धं आयुष्य साचेखात्यात, गिरणी बंद पडल्यावर अँटॉप हिलच्या एका वसाहतीत वॉचमन. समुद्राशी त्यांचा संबंध एवढाच, की एकदा भाऊच्या धक्क्यावर उरणला जाणाऱ्या मोऱ्याच्या लाँचमध्ये बसले आणि लाँच सुटायच्या आधीच त्यांना उलटी झाली. पण म्हातारपणी त्यांनी एकच धोशा लावला.

"माका एकदा बंदरार घेवन चल."

गाव नाही म्हणायचे, घर नाही म्हणायचे. बंदर.

"अण्णा, खंय आसा बंदर आता? नुसतो चिखल आसा थंय."

"आसांदे. माका घेवन चल."

मे महिन्यात नेतो, असं ठरलं. गाडी सांगून ठेवली. आणि त्याआधीच त्यांना पॅरालिसिसचा झटका आला. उजवी बाजू गेली, तोंड वाकडं झालं, वाचा गेली. डॉक्टर म्हणाले, आपण बोललेलंही त्यांना नीट कळत नसणार. प्रवासाचं तर नावही काढायचं नाही. अण्णा मात्र दिवसभर डाव्या हाताने माझी बाही ओढायचे आणि खिडकीकडे बघायचे. त्यांना काय हवंय ते मला स्वच्छ कळत होतं. नेता येत नव्हतं आणि नेता येत नाही हे त्यांना सांगताही येत नव्हतं.

हॉस्पिटल परळचं, नाव घेत नाही. सातव्या मजल्यावर दोन पलंगांची खोली, खिडकीतून शिवडीची खाडी दिसायची. शेजारच्या पलंगावर ओमानचा एक म्हातारा होता. त्याचं गाव सूर नावाचं, गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी आलेला. आम्ही त्याला शेख म्हणायचो. परळच्या हॉस्पिटलांत असे अरब पेशंट खूप येतात, त्यांच्यासाठी दुभाषी असतात. आमच्या मजल्यावरचा दुभाषी म्हणजे डोंगरीचा यासीन, पन्नाशीचा, तोंडात कायम बडीशेप.

एका दुपारी मी पेज घेऊन पोचलो, तर शेखची व्हीलचेअर अण्णांच्या पलंगाला चिकटवलेली. दोघांच्या हातांवर हॉस्पिटलचा पांढरा टॉवेल. टॉवेलाखाली काहीतरी हलतंय.

"हे काय?" मी बायकोला, वैशालीला विचारलं.

"मघापासून चाललंय. सिस्टर म्हणते, फिजिओथेरपी असेल."

मी अण्णांकडे बघितलं. पापलेटचा भाव ऐकल्यावर ते जशी डावी भुवई चढवायचे, तशी चढवली होती. झटका आल्यापासून त्या चेहऱ्यावर मी पहिल्यांदाच अण्णांना बघत होतो. तेवढ्यात यासीन आला.

"यासीनभाय, ये क्या चल रहा है?"

त्याने शेखला विचारलं. शेख हसून बराच वेळ बोलला.

"बोलता है, तुमचा बाप बहुत चिकट माणूस आहे."

"ते मला माहीत आहे. पुढे?"

"सौदा करतायत. ह्याच्या आजोबाच्या टायमाला बंदरावर असाच सौदा व्हायचा. कपड्याखाली एकमेकांची बोटं पकडायची, भाव बोलायचा. बाजूला दुसरे व्यापारी उभे असले तरी कोणाला पत्ता नाय. भाषा पण लागत नाय."

"आणि माल काय?" वैशाली म्हणाली. "थर्मास विकतायत का माझा?"

यासीनने पुन्हा विचारलं. शेखने अण्णांच्या छातीवर हात ठेवला.

"माल तो खुद आहे, भाभी. जहाजात जागा मागतोय. घरी जायचंय त्याला. हा शेख नाखवांच्या खानदानातला. आता जहाज-बिहाज नाय, पोराचं गाड्यांचं शोरूम आहे. पण बोलतो, कपड्याखाली कोणी जागा मागितली तर नाय बोलायचं नसतं."

"कुठे जायचंय ते विचारलं का त्याने?" मी म्हणालो. मला हसू येत होतं, खरं सांगतो.

शेख म्हणाला, विचारावं लागत नाही. प्रत्येक बंदरावरच्या दलालाची अंगठा धरायची रीत वेगळी असे. त्याच्या आजोबांनी लहानपणी एकेक रीत त्याच्या हातावर करून दाखवली होती. हा माणूस अंगठा मुठीच्या आत घेतो. तशी रीत एकाच बंदराची. आणि यासीनकडे न बघता, सरळ माझ्याकडे बघून तो म्हणाला, "खरवठाना."

मी पेजेचा डबा खाली ठेवला.

हॉस्पिटलच्या कागदांवर पत्ता लालबागचा. यासीनला आमचं गाव ठाऊक नाही. अण्णांना वाचा नाही. आणि अण्णांना ही बोटं शिकवली कोणी? त्यांचं सोडा, त्यांच्या वडिलांनीही खाडीत गलबत बघितलेलं नव्हतं. दलालीची गोष्ट आमच्याकडे फक्त गोष्ट म्हणून उरली होती, तीही मी वाढवून वाढवून पार बिघडवून टाकलेली.

शेखने टॉवेलाखाली अण्णांचा पंजा पूर्ण दाबला. सौदा मान्य. मग टॉवेल काढून त्याची घडी घातली आणि काहीतरी म्हणाला.

"वारा फिरला की निघायचं," यासीनने सांगितलं. "आणि बोलतो, इतका भाव पाडलाय की फुकटच नेतोय समजा."

शेखला लवकरच घरी सोडलं, तो विमानाने सूरला गेला. अण्णांनी माझी बाही ओढणं बंद केलं. पेज गपगुमान प्यायचे. दाढी करून घ्यायचे. स्टेशनवर वेळेआधी पोचलेला माणूस जसा निवांत बसतो, तसे पडून असायचे. डॉक्टर खूश.

आणि मग ती दुपार. जेवणाचे ट्रे उचलून नेले होते. वैशाली मोबाइलवर सिरियल बघत होती.

"अहो, तुम्ही पलंगाला पाय लावताय का?"

"नाही."

"मग ती बाटली बघा."

सलाइनची बाटली हलत होती. वाऱ्याने हलते तशी नाही. सावकाश एका बाजूला जायची, तिथे थोडी थांबायची, मग दुसऱ्या बाजूला. खिडकीची काच सीलबंद. पडदा स्तब्ध. शेखच्या रिकाम्या पलंगाजवळचा स्टँड जागच्या जागी. आणि बाटलीबरोबर, त्याच लयीत, अण्णांचे खांदे हलत होते. डोळे मिटलेले. चेहऱ्याची लोंबलेली बाजू वर आलेली, तोंड सरळ झालेलं. इतका देखणा माझा बाप मी लग्नाच्या फोटोतही बघितला नव्हता.

मॉनिटरवरचे आकडे उतरायला लागले. मशीन शिट्टी मारायला लागलं. वैशाली सिस्टरला हाका मारत बाहेर धावली.

आणि मी बाटली धरली.

का धरली, विचाराल तर सांगता येणार नाही. समोर बाप चाललाय आणि काहीतरी हलतंय... जे हलतंय ते धरलं. अर्ध्या लिटरची प्लास्टिकची बाटली, पण तिला ओढ होती. वादळात मंडपाचं कापड धरलेला माणूस आहे मी, ओढ कशी असते ते माझ्या हातांना कळतं. पाय रोवून, दोन्ही हातांनी मागे खेचली. ती थांबली.

आकडे वर आले. सिस्टर आली, डॉक्टर आले, धावपळ झाली, आणि शेवटी डॉक्टर माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, वाचले.

अण्णांनी डोळे उघडले. माझ्याकडे बघितलं. आणि माझ्या देखत त्यांचं तोंड पुन्हा वाकडं झालं.

त्यानंतर आठवडाभर मी चाळीत जो भाव खाल्ला, त्याला तोड नाही. यमाच्या रेड्याची शेपटी धरून बाप परत आणला, असं सांगत सुटलो होतो. चहावाला पैसे घेईना. डिस्चार्जच्या दिवशी कॉरिडॉरमध्ये यासीन भेटला. बडीशेप चघळायची थांबवून म्हणाला, "सूरहून फोन होता. शेख विचारत होता, सवारी मध्येच का उतरली?"

"कोणती सवारी?"

"मी पण तेच विचारलं. शेख बोलता है, वो समझ जायेगा."

मी तिथल्या बाकड्यावर बसलो. त्या दुपारचं शेखला कोणी कळवलं नव्हतं. यासीन त्या आठवड्यात सुट्टीवर होता.

मी त्याला सांगितलं, पुन्हा फोन लाव, शेखला म्हणावं पुन्हा ठरव. त्याने लावला. शेख म्हणाला, फोनवर हात कसा देणार? आणि तो आता विमानात बसायच्या परिस्थितीत नाही.

पुढे डॉक्टरांनी परवानगी दिल्यावर मी अण्णांना गाडीने गावाला नेलं. मागची सीट काढून गादी घातली, आणि एवढा सावकाश गेलो की बैलगाडीवाले हॉर्न मारायचे. धक्क्याच्या दगडांवर खुर्ची मांडून त्यांना बसवलं. समोर चिखल, तिवरं. चुलतभाऊ त्यांच्या कानाशी वाकून म्हणाला, "अण्णानु, घराक इलास." अण्णा त्याच्याकडे बघेनात, घराकडे बघेनात. हॉस्पिटलात शिवडीकडे बघायचे तसंच खाडीच्या तोंडाकडे बघत राहिले. पोचलेल्या माणसाची नजर नव्हती ती. संध्याकाळी माझी बाही ओढली. चल.

आता ते लालबागलाच आहेत, घरी, खाटेवर. तब्येत चांगली आहे, सगळे म्हणतात. मी नसतो तर गेले असते, हेही म्हणतात. मी मान डोलावतो.

हे कसं झालं, याचं उत्तर माझ्याकडे नाही. यासीनकडे नाही. एका मेंदूच्या डॉक्टरांना बाटलीचं सांगितलं तर त्यांनी मलाच झोपेची गोळी लिहून दिली. मला उत्तर नकोही आहे. मला ती बोटं हवीत. बैलबाजारातले दलाल रुमालाखाली बोटं लावतात त्याचे व्हिडिओ बघून थोडं शिकलो, पण ते करून बघितलं तर अण्णांनी हात काढून घेतला. किनाऱ्यावरच्या कोणाच्या घरात ती जुनी रीत जाणणारं माणूस उरलं असेल, तर खाली लिहा. मी येईन, कुठेही येईन. मला बापाला फक्त एवढं सांगायचंय की पुन्हा जागा मागा, मी धरणार नाही.

तोवर रोज संध्याकाळी मी टॉवेल टाकून त्यांच्या हाताखाली हात ठेवतो. परवा त्यांनी पहिल्यांदा माझी बोटं धरली. दोन बोटं, मग तीन, मग अंगठा आत घेऊन मूठ. भुवई चढवली आणि थांबले. माझ्या उत्तराची वाट बघत होते. मला उत्तर एकच येतं, शेखचं बघितलेलं. मी त्यांचा पंजा पूर्ण दाबला. त्यांनी भुवई खाली घेतली, डोळे मिटले.

वैशाली दारात उभी होती. "काय ठरलं?" तिने विचारलं.

"माहीत नाही," मी म्हणालो. "पण मी हो म्हटलंय."